शेवटचे वीस किलोमीटर

वाशी, ८ जानेवारी १९८४

ती. ताईस,

साष्टांग नमस्कार. गुडघे सध्या दुसऱ्या कामाला जुंपलेत, तेव्हा तो लेखीच मान्य करून घे.

बातमी अशी की तुझा धाकटा भाऊ येत्या सव्वीस जानेवारीला शंभर किलोमीटर पळणार आहे. हसून झालं की पुढे वाच. ठाणे-बेलापूर रस्ता. बेलापूरहून कळवा नाका पंचवीस, परत पंचवीस, आणि मग हेच पुन्हा एकदा. सुट्टीमुळे कारखाने बंद, म्हणजे ट्रक कमी आणि हवेतले मसालेही कमी. एरवी त्या रस्त्यावर खोल श्वास घेतला की कुठे आज काय शिजतंय ते डोळे मिटून सांगता येतं.

आणि अर्थातच याची फिल्म होणार. आधीच्या दोन फिल्मचं काय झालं, असं तू विचारणारच. पहिली, खोपोलीचा घाट एका दिवसात पाच वेळा चढण्या-उतरण्याची. ती सोसायटीच्या गणपतीत दाखवली तर दहाव्या मिनिटाला सगळे प्रसादाला उठले. दुसरी, भर मे महिन्यात सोसायटीभोवती बारा तास पळण्याची. ती लोकांनी आधीच गॅलरीतून फुकट पाहिली होती. पण माणूस कुठवर पळू शकतो यावर फिल्म काढणारा वाशीत तरी मी एकटाच आहे. स्पर्धा नाही हे एक बरंय.

कॅमेरा तोच, स्मिताच्या भावाने मस्कतहून आणलेला. एक रीळ चालतं तीन मिनिटं वीस सेकंद. सहा रिळं आहेत. म्हणजे दिवसभराच्या पळण्यातली वीस मिनिटं. आतापर्यंत मी कॅमेरा रस्त्याकडेला तिकाटण्यावर लावायचो, त्याच्यासमोरून पळत जायचो, मग तो आणायला मागे यायचो आणि पुन्हा पुढे जायचो. एकेक शॉट तिप्पट पळायला लावायचा. या वेळी पंढरी आहे. आमच्या कंपनीत खलाशी, म्हणजे जड सामान हलवणारा, तळवलीचा. कंपनीची भिंत जिथे आहे तिथे आधी त्याचं भाताचं शेत होतं. 'मी घरच्या घरीच कामाला हाय' म्हणतो. तो सायकलवरून कॅमेरा धरणार. लाल बटण दाबायचं, पाच मोजायचे, सोडायचं, एवढं शिकवलंय. स्मिता लुनावर लिंबू-मीठ-पाणी घेऊन.

पुण्याच्या एका हौशी लघुपट मंडळाची स्पर्धा आहे मार्चमध्ये. या वेळी काही झालं नाही तर कॅमेरा मस्कतला परत आणि मी कॅरम खेळायला लागणार. खरंच सांगतो. चौतिसाव्या वर्षी माणसाला काहीतरी जमलं पाहिजे ना गं.

तुझा दिनू

(वन्सं, यांनी घरातला सगळा गूळ पळवलाय. सत्तर किलोमीटरनंतर लागतो म्हणे. संक्रांत कशी करू? — स्मिता)


मिरज, १४ जानेवारी १९८४

चि. दिनू,

आशीर्वाद. तुला गाठून द्यायला दम लागेल म्हणून टपालाने पाठवते आहे.

तिळगूळ सोबत पाठवलाय. तो स्मिताचा आहे. सत्तराव्या किलोमीटरला त्याची आठवण काढलीस तर बघ.

शंभर किलोमीटर! उत्तम. बेलापूरहून निघायचं आणि दिवसभर पळून बेलापूरलाच पोचायचं. एवढा खटाटोप करून माणूस जिथल्या तिथे, याला सरकारी नोकरीत बढती म्हणतात. तू खाजगीत असून साधलंस.

बावीस वर्षं मुलींच्या शाळेत पी.टी. शिकवते. शिट्टी फुंकून तुला पहिल्यांदा पळवलं तेही मीच, तेव्हा थोडा दोष माझ्याकडे येतो. एक सांगते. पळताना तुझं डावं कोपर बाहेर जातं. सातवीपासून जातंय. बसमध्ये शेजाऱ्याला ढोसावं तसं ते हवेला ढोसत असतं. आता जगाला दाखवणारच आहेस तर निदान ते आत घे.

आणि त्या पंढरीला पाणी देत जा. तू पळणार म्हणजे तो दिवसभर सायकल मारणार, तीही एका हाताने. त्याची फिल्म कोणी काढणार नाही.

फिल्म झाली की मला हवी. जूनमध्ये शाळा उघडली की मुलींना दाखवीन. आमच्या इथल्या डॉक्टरांकडे प्रोजेक्टर आहे. शंभर किलोमीटर पळणारा मामा म्हटल्यावर पोरी मैदानाच्या दोन फेऱ्यांना तरी रडणार नाहीत.

ताई


वाशी, ३० जानेवारी १९८४

ती. ताईस,

सा. न. झालं. शंभर पूर्ण. पहाटे पाचला निघालो, संध्याकाळी सहाला पाच कमी असताना बेलापूर. सहाही रिळं वापरली. ती धुवायला परदेशी गेली आहेत, दोन महिने लागतील.

पाय ठीक.

दिनू

(वन्सं, पाय ठीक नाहीत. पोटऱ्या दगड झाल्यात आणि उलट्या दोन दिवस चालू होत्या. आता जेवतात. बाकी मला काही विचारू नका. तिळगूळ पोचला. — स्मिता)


मिरज, ८ फेब्रुवारी १९८४

चि. दिनू,

अभिनंदन आणि आशीर्वाद.

आता एक विचारते. खोपोलीच्या घाटावर पळालास तेव्हा मला नऊ पानी पत्र आलं होतं. त्यात कितव्या वळणावर कुठल्या बोटाला फोड आला याचा नकाशा होता. सोसायटीभोवती बारा तास फिरलास तेव्हा चौदा पानं, त्यातली दोन नुसती कुत्र्यांवर. आणि आयुष्यात पहिल्यांदा शंभर किलोमीटर पळालास तर चार ओळी? बिलाच्या पावतीवर याहून जास्त मजकूर असतो.

नम्र झाला असशील तर सांग, मी डॉक्टरांना विचारते.

स्मिताही 'काही विचारू नका' म्हणते. तिला आधी तसं म्हणायची सवय नव्हती, न विचारताच सगळं सांगायची. असो. फिल्म आली की पाठव.

ताई


वाशी, २२ एप्रिल १९८४

ती. ताईस,

साष्टांग. पोटऱ्या आता वाकतात, तेव्हा या वेळचा खरा आहे.

फिल्म आली, जोडली, कॅसेटवर निवेदन भरलं आणि मुदत वाढल्यामुळे वेळेत पुण्याला पोचलीसुद्धा. पहिला नंबर! बसलीस का खुर्चीत? परीक्षकांनी शेरा लिहिलाय, 'अखेरच्या टप्प्यात धावपटू आणि रस्ता यांतील नाते विलक्षण सामर्थ्याने टिपले आहे.' कालपर्यंत कापडी पिशव्या घेऊन फिरणारा मी, माझं आता रस्त्याशी नातं निघालं.

सोसायटीने खाली फळा लावलाय, 'वाशीचे भूषण श्री. दिनानाथ पोंक्षे'. सेक्रेटरी विलासराव, ज्यांनी मागच्या मे महिन्यात माझ्या पळण्यामुळे दुपारची झोप मोडते असा अर्ज केला होता, त्यांनी स्वतः खडूने लिहिला. पुढच्या महिन्यात माझा सत्कार आहे. शाल त्यांनी आधीच आणून ठेवलीय, रंग जांभळा. कंपनीच्या साहेबांनी बोलावून चहा दिला. चौदा वर्षांत पहिल्यांदा, तोही कपात, ग्लासात नाही.

तळवलीतही खेळ केला. पंढरीचं मागेच लागणं होतं, 'आमच्या गावान पन दाखवा सायेब'. मारुतीच्या देवळासमोर चादर बांधली. गंमत सांगतो. शेवटच्या भागात पंढरी एकदम उभा राहिला आणि पडद्याकडे हात करून म्हणाला, 'त्यो मी हाय!' अख्खं गाव खो खो हसलं. गोटीराम म्हणून एक म्हातारे आहेत, ते म्हणाले, 'आन मी त्या लुनाचा चाक हाय!' मग तर विचारू नकोस. धमाल आली.

फिल्म एवढी एकच प्रत आहे, तेव्हा टपालाने पाठवायला जीव धजत नाही. तू दिवाळीत इकडे येशील तेव्हा बघच की.

दिनू

(वन्सं, मी त्या दिवशी हसले नाही. एवढंच. — स्मिता)


मिरज, ३ मे १९८४

चि. दिनू,

आशीर्वाद, पेढे आणि दम.

दम अशासाठी की माझ्या पोरींना मी कबूल केलंय. पुण्याच्या परीक्षकांना प्रत एकटीच पाठवताना जीव धजला, आणि सख्ख्या बहिणीला म्हटल्यावर टपालखात्यावरचा विश्वास उडाला? आमच्या शाळेच्या सगुणाबाई दहा तारखेला मुलाकडे चेंबूरला येताहेत. परतताना त्या वाशीला येऊन डबा घेतील. मांडीवर ठेवून आणतील. त्यांची नात त्यांनी तशीच आणली होती.

ताई


मिरज, २० जून १९८४

दिनू,

काल फिल्म पाहिली. आधी डॉक्टरांच्या घरी एकटीने. मग पोरींना दाखवायच्या आधी पुन्हा एकदा. मग पोरींना दाखवलीच नाही. प्रोजेक्टर बिघडला म्हणून सांगितलं. चला, तुझ्यापायी मीही थापा मारायला शिकले.

पहिली चार रिळं छान आहेत. तू आहेस, तुझे बूट आहेत. बूट फारच आहेत. दर अर्ध्या मिनिटाला बूट. बुटांच्या दुकानदाराने पाहिली तर तुला दत्तक घेईल. आणि डावं कोपर बाहेर, हवेला ढोसतंय. मी खुर्चीतून 'आत घे' म्हणून ओरडले, डॉक्टरीणबाई दचकल्या.

मग पाचवं रीळ. आणि काय चमत्कार! बूट गेले. कमरेखालचा माणूसच गेला. समोरून एकही शॉट नाही, सगळे पाठमोरे. टोपीच्या मागे मानेवर रुमाल. आणि कोपरं दोन्ही अंगाला चिकटून, घड्याळाच्या लंबकासारखी. सातवीपासून मी जी शिकवत होते आणि तुला येत नव्हती ती पाठ, ती चाल. ऐंशी किलोमीटरनंतर माणूस मोडतो, तू तर दुरुस्त झालास!

त्यावर तुझा आवाज कॅसेटवर सांगतोय, 'आता हे शरीर माझं राहिलं नव्हतं.' तेवढं एक वाक्य मला अगदी पटलं.

म्हणून मी तुझं एप्रिलचं पत्र काढून पुन्हा वाचलं. पंढरी उभा राहिला आणि म्हणाला, 'त्यो मी हाय.' आणि धमाल आली.

दिनू, कुणाला धमाल आली?

ताई


वाशी, २८ जून १९८४

ताई,

नमस्कार. आज विनोद सुचत नाहीये, तेव्हा सरळ लिहितो.

ऐरोलीच्या पुढे, ऐंशीव्या किलोमीटरला मी पडलो. आधी उलटी, मग दोन्ही पोटऱ्या धरल्या. स्मिताने चोळल्या, पंढरीने चोळल्या, गूळ खाल्ला, तोही बाहेर आला. साडेतीन वाजले होते. दोन रिळं कोरी होती आणि ऊन असं उतरलं होतं की कॅमेऱ्याला आणखी काही नको. मला रडू येत होतं ते पायांसाठी नाही, त्या उन्हासाठी. मी पंढरीला म्हटलं, माझी टोपी घाल, बनियन घाल, शे-दोनशे पावलं पळ. मी लुनावर मागे बसून एक शॉट घेतो, फिल्मला शेवट मिळेल. माझे बूट त्याला होईनात. तो अनवाणी पळाला. म्हणून पाय घेतले नाहीत. तू बरोबर ओळखलंस.

पण तो थांबेना गं. मी 'बस्स, झालं' म्हणून ओरडलो. तो म्हणाला, 'शंभर बोललेलं ना सायेब? मंग पुरं करायला पायजे.' आणि पळत राहिला. सकाळपासून माझ्यामागे ऐंशी किलोमीटर सायकल मारलेला माणूस. रबाळे गेलं, तळवली गेली. गावात त्या दिवशी कुणी नव्हतं, सगळे घणसोलीला लग्नात होते, त्याची बायको गोजराबाईसुद्धा. आमच्या कंपनीच्या भिंतीकडेने तो गेला. त्याच्या शेताच्या जागेवरून, माझ्या नावाचं बनियन घालून. मी ते टिपलं. चांगलं आलंय. परीक्षकांना रस्त्याशी नातं दिसलं ते तिथेच.

वीस किलोमीटर. बेलापूरला टेकला तेव्हा त्याच्या टाचा फुटल्या होत्या. मला म्हणाला, 'झाले बगा तुमचे शंभर.' तुमचे.

घरी आल्यावर स्मिता म्हणाली, नाव घाला त्याचं. मी म्हटलं, घालू, आधी रिळं धुऊन येऊ देत. मग म्हटलं, आधी निकाल लागू दे. मग फळा लागला. मग शाल. फळ्यावर नाव लागलं की ते पुसायचं धाडस होत नाही, एवढंच यातलं शास्त्र.

आणि तळवलीचं. तो उभा राहून म्हणाला, 'त्यो मी हाय', आणि गाव हसलं. तेव्हा तो माझ्याकडे बघत होता. मी नुसती मान हलवली असती तरी पुरे होतं. मी प्रोजेक्टरपाशीच उभा होतो, चार हातांवर.

मीही हसलो, ताई.

तेव्हापासून गावात त्याला 'हिरो' म्हणतात. नाक्यावरून गेला की पोरं पाठमोरी होऊन पळून दाखवतात. गोजराबाईंनी त्याला बजावलंय की हा विषय घरात काढायचा नाही, भावकीत तोंड दाखवायला जागा राहिली नाही. थापाड्या नवरा म्हणून त्यांना बायका विहिरीवर टोमणे मारतात. कंपनीत तो मला पूर्वी डब्यातला सुका जवळा द्यायचा. आता 'नमस्कार सायेब' म्हणतो आणि जातो.

काय करू सांग.

दिनू


मिरज, ४ जुलै १९८४

दिनू,

काय करू म्हणून विचारतोस. तुला ठाऊक आहे, पण बहिणीने सांगितलं म्हणजे अर्धी लाज तिच्या खात्यावर. चालेल. टाक माझ्यावर.

मला राग पडल्याचा नाही. मी मैदानावर हजार पोरी पडताना पाहिल्यात. त्यांना उठवायचं असतं, बस्स. तू ऐंशी किलोमीटर पळालास याचा मला अभिमान वाटला असता. त्या ऐंशीलाही मी नऊ पानी पत्र वाचलं असतं. फळ्यावर ऐंशी लिहिले असते तर विलासराव काय फूटपट्टी घेऊन येणार होते?

पण त्या माणसाची जमीन नव्या शहराने घेतली, ती कागद करून घेतली, निदान त्याचा अंगठा तरी विचारला. तू त्याचं पळणं घेतलंस आणि वर त्यालाच खोटारडा ठरवलंस. त्याच्या बायकोच्या डोळ्यांत त्याचा शब्द गेला. तो तू घालवलास, तेव्हा तो तूच परत आणायचास. जिथे गेला तिथेच, गावासमोर, पंढरीसमोर. कंपनीत कोपऱ्यात गाठून 'माफ कर रे' म्हणून यायचं नाही. ते स्वतःसाठी असतं.

पुण्याच्या मंडळालाही लिही. सोसायटीच्या फळ्याचं मी सांगायला नको, पावसात खडू टिकत नाही.

फिल्म सगुणाबाईंच्या मांडीवरून परत येतेय.

रागावलेली,
ताई

आणि जेवत जा.


वाशी, ७ ऑगस्ट १९८४

ती. ताईस,

साष्टांग नमस्कार. आज पोटऱ्या पुन्हा दगड झाल्यात, तरी वाकून घातला.

पुण्याचं आधी सांगतो म्हणजे तुझी करमणूक होईल. मी त्यांना सगळं खरं लिहिलं. उत्तर आलं की धावपटू कोण असावा याविषयी नियमांत काही नाही, त्यामुळे त्याबद्दल मंडळाची हरकत नाही. मात्र पहिली चार रिळं श्री. पंढरी यांनी चित्रित केल्याचे आपल्या पत्रावरून दिसते. ते मंडळाचे सभासद नाहीत, सबब पारितोषिक रद्द. म्हणजे मी खोटं पळालो ते चाललं, त्याने खरं शूटिंग केलं ते चाललं नाही. बक्षिसाची ढाल परत पाठवली. शाल विलासरावांनी न मागताच नेली.

आता तळवली. शनिवारी, चार तारखेला, संध्याकाळी शाळेच्या खोलीत खेळ लावला. आधीच सांगितलं होतं की काही बोलायचंय, म्हणून गाव लोटलं. गोटीराम पहिल्या बाकावर. गोजराबाई बायकांत मागे, पदर पुढे ओढून. पंढरी दाराशी उभा, यायचं की नाही ठरवत असल्यासारखा.

कॅसेट लावलीच नाही. पाचवं रीळ सुरू झालं तसा मी पडद्यापुढे जाऊन उभा राहिलो आणि मोठ्याने म्हणालो, इथून पुढे मी नाही. मी ऐरोलीला पडलो. हा पंढरी आहे. वीस किलोमीटर पळालाय, अनवाणी. त्या दिवशी तो खरं बोलत होता आणि मी हसलो, ती माझी चूक झाली. मी हात जोडले.

ताई, मी तयारीत होतो. लोक ओरडतील, एखादा अंगावर येईल, सगळं मनात करून गेलो होतो. पण गोटीराम उठले, डोळे पुसत म्हणाले, 'सायेब मोठ्या मनाचे! आपल्या मानसाची लाज राखासाठी इतकं बोलले.' आणि टाळ्या. टाळ्यांवर टाळ्या. कुणी माझ्या पाया पडलं. मी 'अहो नाही, खरंच' म्हणतोय आणि ते आणखी जोरात वाजवताहेत. जन्मात पहिल्यांदा एवढ्या लोकांत खरं बोललो तर देवमाणूस ठरलो.

मी पंढरीकडे पाहिलं. एप्रिलमध्ये त्याचा चेहरा पडला होता. आता त्याला चेहराच नव्हता. तो वळून चालायला लागला.

तेव्हा गोजराबाई उठल्या. म्हणाल्या, 'बोलून काय व्हतंय? सगलेच बोलतान. उद्याला दोगांना पलवा. हितून बेलापूर, दिवाल्याच्या खाडीवर. मना माज्या डोल्यांनी बगायचंय.' पंढरी दारातच थांबला.

रविवारी सकाळी सहाला निघालो. तळवली ते बेलापूरचं दिवाळे गाव, पंधरा किलोमीटर. पाऊस होता, रस्ता खड्ड्यांत होता. अख्खं गाव निघालं, सायकली, एक टेम्पो, त्यात गोजराबाई आणि बायका. कॅमेरा मी घरी ठेवला होता. घणसोलीच्या फाट्यापर्यंत आम्ही बरोबर होतो. मग त्याने एकदा माझ्याकडे पाहिलं आणि निघाला. अनवाणी, कोपरं अंगाला चिकटून. त्याच्यामागे सायकली, टेम्पो, आरडाओरडा. स्मिता पाणी घेऊन माझ्याबरोबर होती. तिने विचारलं, 'तुम्ही ठीक ना?' आणि लुना पुढे काढली. ती पण बघायला.

तुर्भ्याला मी एकटाच होतो. नेरूळला पोटऱ्या धरल्या. एक रिकामा टेम्पो शेजारी थांबला, ड्रायव्हर म्हणाला, 'बसा काका, बेलापूरला चाललोय.' मी नाही म्हटलं. खोटं नाही सांगत, आधी दार बघितलं, मग नाही म्हटलं. चाललो, थोडा पळालो, पुन्हा चाललो. एकही पाऊल सोडलं नाही, ताई.

खाडीवर पोचलो तेव्हा त्यांचा चहा होऊन गेला होता. पंढरी धक्क्यावर बसला होता आणि गोजराबाई त्याच्या टाचा चोळत होत्या, सगळ्यांसमोर. दिवाळ्याच्या कोळणी टोपल्या खाली ठेवून बघत होत्या. गोटीराम प्रत्येकाला सांगत होते की हा आमचा पंढरी, फिल्ममधला, आणि आपल्याला ते पहिल्यापासून ठाऊक होतं.

मी जाऊन त्याच्या शेजारी बसलो. त्याने पाणी दिलं, मी प्यालो. मग त्याने विचारलं, 'सायेब, पुरं पललात ना?'

मी म्हटलं, पुरं.

गोजराबाईंनी टाच चोळता चोळता मान वर केली. 'कुनी बगितलं?'

मी स्मिताकडे पाहिलं. ती खाली बघत होती. कुणीच बघितलं नव्हतं, ताई. सगळे पंढरीबरोबर होते.

दिनू